उंदरांचं कलिंगड

१९ एप्रिल, सकाळी
आजपासून रोजनिशी. डॉक्टर म्हणाले, काळजी डोक्यात साठवू नका, कागदावर उतरवा, प्रेशर खाली येईल. वही घरीच शिवली. विकतच्या वहीची शिवण मला बघवत नाही. मधली काही पानं उलटी लागली आहेत, पण कोऱ्या पानाला उलट काय आणि सुलट काय.
संकल्प केले. गोळी वेळेवर घ्यायची. चिडचिड बंद. सूनबाई बोलत असताना मध्ये बोलायचं नाही. आणि या सुट्टीत ठमीला वाचनाची गोडी लावायची. नात पहिली पास झाली, आता दुसरीत जाईल. तिला वळण लावायला घरात माझ्याइतका पुस्तकांतला माणूस दुसरा कोण आहे? जन्मभर बाइंडिंग केलं. हजारो पुस्तकं या हातांखालून गेली. वाचली नाहीत, ती गोष्ट वेगळी.

त्याच दिवशी, दुपारी
गोळी राहिली. रोजनिशी लिहिण्याच्या नादात.

२२ एप्रिल
ठमीला घेऊन कोपऱ्यावरच्या लायब्ररीत. मुलांच्या खोलीत बाईंनी सुट्टीसाठी उन्हाळ्याची पुस्तकं मांडली आहेत. जिकडे बघावं तिकडे उंदीर. उंदीर टोपी घालून वाळूत लोळतोय, उंदीर आइस्क्रीम खातोय, उंदरीण छत्री घेऊन फिरायला निघालीय. आमच्या कारखान्यात याच जातीने आम्हाला सळो की पळो केलं होतं. रात्रीत चिकटवायची खळ चाटून जायचे, पुठ्ठे कुरतडायचे. आणि इथे त्याला गॉगल लावून सहलीला पाठवलाय. मी बाईंना तसं म्हणालो. बाई हसल्या. म्हणाल्या, आजोबा, हे खळ न खाणारे उंदीर आहेत.
बाई तरुण आहेत. अनुभव कमी.

२४ एप्रिल
ठमी दुपारी मांडीत येऊन बसते आणि पुस्तक हातात देते. मी वाचून दाखवतो. म्हणजे चित्रं बघून सांगतो. माझ्या मते छापलेल्यापेक्षा माझंच जास्त रंगतं. आज उंदराचं लग्न लावून दिलं. ठमीने एका शब्दावर बोट ठेवलं आणि म्हणाली, आजोबा, इथे तर पोहायला लिहिलंय. मी म्हणालो, हल्ली छपाईच्या चुका फार होतात.
हिने स्वयंपाकघरातून ऐकलं. म्हणाली, अहो, पुस्तक बांधणारा आणि पुस्तक वाचणारा यांत फरक असतो. पन्नास वर्षांच्या संसारात हिला माझी किंमत कळली नाही.

२५ एप्रिल
एक गोष्ट इथे स्वच्छ लिहून ठेवतो. मला वाचता येतं. शाळा सहावीत सुटली, तरी पेपर रोज वाचतो, मनातल्या मनात. ओठ थोडे हलतात, त्याला काय. लिहितो तर आहेच. फक्त मोठ्याने वाचायचं म्हटलं आणि समोर कोणी ऐकायला बसलं, की ओळी एकमेकींत घुसतात. जोडाक्षर आलं की जिभेला ठेच लागते. घाम येतो. हा प्रेशरचा प्रकार आहे, शिक्षणाचा नाही.
ठमीला हे कळायची गरज नाही. परवा शेजारच्या मुलीला सांगत होती, माझ्या आजोबांना सगळी पुस्तकं पाठ आहेत, बघायला पण लागत नाही. ऐकून बरं वाटलं. मग रात्री डोळा लागला नाही. चहा जास्त झाला असावा.

२९ एप्रिल
आज मान मिळाला. लायब्ररीतलं उंदरांचं एक पुस्तक पार खिळखिळं झालेलं. पाठ निघालेली, पानं सुटी. मुलांनी फार हाताळलेलं. बाई ते कपाटात ठेवून देणार होत्या. मी म्हणालो, आणा इकडे, असं बांधून देतो की मुलं मोठी होतील पण पान हलणार नाही. बाई म्हणाल्या, खरंच, आजोबा? आजूबाजूची दोन माणसं बघत होती. ठमी माझ्या बोटाला धरून उभी होती, तिची मान जरा ताठ झाली.
घरी आल्यावर ही म्हणाली, डोळे दिसत नाहीत, हात थरथरतात, आणि निघाले कारखाना काढायला. मी सुई-दोरा शोधायला लागलो. चिडचिड बंद आहे.

१ मे, सकाळी
पुस्तक उकललं. जुना डिंक खरवडला. रंगीत खडूचे डाग रबराने काढले. पानं पलंगावर पसरली. ठमीला बजावलं, काम चालू असताना कोणी हात लावायचा नाही. ती दारातून बघत बसली. दोन्ही हात पाठीमागे धरून, म्हणजे चुकूनही लागायला नकोत.

त्याच दिवशी, संध्याकाळी
चिरंजीव बाहेरून आले आणि पंखा पाचवर केला. सगळी पानं खोलीभर. मी ओरडलो. (चिडचिड नव्हे, सूचना.) गोळा केली तर लक्षात आलं, पानांवर आकडेच नाहीत. मुलांच्या पुस्तकात आकडे घालायला यांना काय धाड भरली होती?
पण मी घाबरलो नाही. धंद्यात डोकं लागतं.

२ मे
ठमी म्हणाली, आजोबा, मी सांगू का कुठलं पान कुठे? मी म्हणालो, तू खेळ जा. तिच्या आईने सुचवलं, बाबा, खाली लिहिलेलं वाचून लावा ना. या लोकांना धंदा माहीत नाही. आमच्या उस्तादांनी पहिल्या दिवशी सांगितलं होतं, बांधताना वाचायचं नसतं. वाचत बसलास की खळ वाळते. तो नियम मी आजवर मोडलेला नाही.
अक्कल वापरली. चित्रांत एक कलिंगड आहे. कुठे नुसती साल, कुठे अर्धं, कुठे अख्खं. आता फळ वाढतं की कमी होतं? वाढतं. म्हणून साल आधी, मग अर्धं, मग अख्खं. उंदरांनी कलिंगड लावलं, वाढवलं, शेवटी सगळे त्याच्याभोवती नाचतात. शेवट गोड. लेखकालासुद्धा इतकं सुचलं नसेल.

५ मे
पुस्तक तयार. पाठीला कापड, कडेला लाल पट्टी. आणखी पन्नास वर्षं काही होत नाही त्याला. बाईंनी हात फिरवून बघितला. उघडून नीट बघितलं नाही, घाईत होत्या, पण म्हणाल्या, सुंदर. मग म्हणाल्या, येत्या रविवारी मुलांना गोष्ट सांगायचा कार्यक्रम आहे, आईवडीलही येतील, तुम्ही बांधलेलं पुस्तक तुम्हीच वाचून दाखवाल का?
मी नाही म्हणणार होतो. पण माझ्या आधी ठमी हो म्हणाली.

८ मे
बेत पक्का. वाचायचं नाही, सांगायचं. चित्रं तर ओळीने लावलेलीच आहेत. चष्मा नाकावर ठेवायचा, बोट ओळीवरून फिरवायचं, तोंडाने आपली गोष्ट. कोणाला कळणार? आरशासमोर करून बघितलं. ही म्हणाली, कोणाशी बोलताय? म्हणालो, वाचतोय. म्हणाली, पुस्तक कुठाय?

१० मे, सकाळी
सदरा इस्त्रीचा. गोळी घेतली. सूनबाई सुट्टी म्हणून बरोबर येतायत. ठमीने पहिल्या रांगेत बसायचं ठरवलंय. आज घराण्याचं नाव.

१० मे, संध्याकाळी
लिहवत नाही. डॉक्टरांनी सांगितलंय म्हणून लिहितो.
सुरुवात चांगली झाली. उंदरांनी साल पेरली, इथपर्यंत मुलं गप्प होती. मग पुढच्या रांगेतला एक चष्मेवाला पोरगा म्हणाला, असं नाहीये. ते कलिंगड पोखरून आत राहायला जातात, कारण बिळात उकडतं. दुसरी म्हणाली, मग खाऊन खाऊन संपवतात, मग सालीची होडी करतात. सगळी म्हणायला लागली, होडी, होडी. या पोरांना पुस्तक पाठ. म्हणूनच तर ते फाटलं होतं, हे माझ्या डोक्यात तेव्हा यायला नको होतं का?
मी म्हणालो, माझ्या गोष्टीत वाढतं. मुलं हसली. तो पोरगा म्हणाला, मग खाली लिहिलंय ते वाचा. बाई पण गोडीनं म्हणाल्या, आजोबा, तेवढं वाचूनच दाखवा.
समोर सगळे आईबाप. मी ओळीवर बोट ठेवलं. पहिलाच शब्द ‘उन्हाळ्यात’. उ म्हणालो. मग ‘न्हा’ दिसायचा बंद झाला. परत उ म्हणालो. कोणीतरी मागे खोकलं. कितीतरी वेळ मी उ वर उभा.
बाईंनी हळूच पुस्तक घेतलं, पानं चाळली आणि म्हणाल्या, अरेच्चा, पानं उलटी लागलीत वाटतं. सहज म्हणाल्या. दोष देऊन नाही.
आणि मी म्हणालो, ही घरात खेळत होती. मी लावून ठेवलेली पानं हिनेच मिसळली असणार.
ठमीकडे बोट केलं. माझं बोट. अजून ओळीवर फिरायच्या तयारीत असलेलं तेच.
ठमी माझ्याकडे बघत राहिली.

११ मे
काही झालेलं नाही. मुलं विसरतात. शिवाय ती तिथे दारात बसली होतीच. पूर्ण खोटं म्हणता येणार नाही.
सूनबाईंनी मात्र विषय धरून ठेवला. लोकांसमोर मान खाली गेली, ठमीला म्हणाल्या. सार्वजनिक पुस्तकाची अशी नासाडी करायची, आणि तुझ्यामुळे आजोबांची शोभा. आता सुट्टीभर लायब्ररी बंद. घरी बसून पाढे.
ठमी म्हणाली, बरं.
ती ‘मी नाही केलं’ असं का म्हणाली नाही, हे मला समजत नाही. तिने म्हटलं असतं तर मी लगेच कबूल केलं असतं.

१२ मे
संकल्प. आज सूनबाई ऑफिसमधून आल्या की सरळ सांगायचं. दोन वाक्यांचं काम.
संध्याकाळी : त्यांचं डोकं दुखत होतं. आजारी माणसाला त्रास देऊ नये.

१४ मे
आज चिरंजीवांना सांगणार होतो. ते जेवत होते. जेवताना वाईट बोलू नये. जेवल्यावर झोपले.

१५ मे
आज कोणाचं डोकं दुखत नव्हतं. माझंच प्रेशर वाटलं.

१८ मे
दुपारी ठमी खिडकीत. लायब्ररीकडे जाणारी मुलं खालून हाका मारतात. ती म्हणते, मला पाढे आहेत. आठचा पाढा मोठ्याने म्हणते, म्हणजे त्यांना खरं वाटावं.
आता मांडीत येऊन बसत नाही. ऊन फार आहे, म्हणून असेल. मीच म्हणालो, ये, गोष्ट सांगतो. म्हणाली, नको आजोबा, तुमचे पाय दुखतील.
ही मला म्हणाली, पोर गप्प झालीय, काय भानगड आहे? म्हणालो, उन्हाळा. ही म्हणाली, उन्हाळा आपल्याकडे दर वर्षी येतो.

२१ मे
उपाय सापडला. आधी पुस्तक दुरुस्त करायचं. चूक सुधारली की चूक राहत नाही, मग सांगायची वेळच कशाला? लायब्ररीत गेलो, पुस्तक मागून आणलं. बाईंनी विचारलं, ठमी का येत नाही?
म्हणालो, तिला बरं नाही.
हे का म्हणालो कोणास ठाऊक. तोंडातून निघून गेलं. एक खोटं पचलं की दुसऱ्याला भूक लागते.

२३ मे
घरी कोणी नसताना दार लावून पुस्तक वाचलं. उस्तादांचा नियम मोडला. मोठ्याने वाचलं, भिंतीला. ‘उन्हाळ्यात’ हा शब्द चवथ्या खेपेला नीट आला. पुढे पुढे तर बरंच जमलं. एका ठिकाणी छोटा उंदीर होडीतून वाकून पाण्याला हात लावतो आणि आई त्याची शेपटी धरून ठेवते. हे चित्र मी निदान दहा वेळा पाहिलं होतं. शेपटी धरलीय हे मला दिसलंच नव्हतं.
उंदराला चड्डी मात्र विनाकारण घातली आहे.

२५ मे
पानं बरोबर लावली. अख्खं, अर्धं, साल, होडी, घर. खळ वाळेपर्यंत बसून राहिलो. ठमी पाणी प्यायला आली, पुस्तकाकडे बघितलं, हात पाठीमागे घेतले आणि निघून गेली.
उद्या नक्की सांगणार.

२६ मे
सूनबाईंच्या ऑफिसात हिशेबाचे दिवस आहेत. उशिरा आल्या. सांगणं म्हणजे निव्वळ क्रूरपणा झाला असता.

२९ मे
पुस्तक परत दिलं. बाईंनी या वेळी प्रत्येक पान बघितलं. अपमानच म्हणायचा. मग म्हणाल्या, वा, एकदम बरोबर. ठमी अजून आजारीच का? काय झालंय? म्हणालो, ताप. कमी-जास्त होतो. बाईंचा चेहरा पडला. म्हणाल्या, मुलं रोज विचारतात, हल्ली खिडकीतही दिसत नाही म्हणे.
येताना रस्त्यात दोनदा थांबलो. परत जाऊन खरं सांगायचं होतं. पण दोन्ही वेळा समोरून गाडी आली.

३१ मे
रविवार. सगळे घरी. बेल वाजली, मी उघडलं. लायब्ररीच्या बाई. हातात मोठा कागद, त्यावर पोरांनी काढलेले उंदीर. पांघरूण घेतलेले, थर्मामीटर तोंडात धरलेले. ‘लवकर बरी हो’ असं वाकड्या अक्षरांत. मी दार अर्धंच धरलं. म्हणालो, झोपलीय.
आणि माझ्या मागून ठमी दोरीवरच्या उड्या मारत आली.
बाईंनी तिच्याकडे बघितलं. मग माझ्याकडे. मी दाराच्या कडीकडे.
ठमीने कागदावरचे उंदीर बघितले. तिला बहुतेक सगळं कळलं. उड्या थांबवल्या, दोरी मागे लपवली आणि खोकली. चांगली दोन-तीनदा, छातीला हात लावून. म्हणाली, आता बरंय थोडं.
बाई म्हणाल्या, असं होय. बरं, काळजी घे हं. तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि गेल्या. जिना उतरताना त्यांनी वळून बघितलं नाही.
आतून सूनबाई, कोण होतं? ठमी म्हणाली, कोणी नाही, लायब्ररीतल्या बाई, चित्र द्यायला आल्या होत्या.
मग मला हळू आवाजात म्हणाली, आजोबा, खोकला बरोबर आला ना?

त्याच दिवशी, संध्याकाळी
लहानपणापासून मला वाटायचं, माणसाची लाज चेहऱ्यावर असते. ती पोटात असते. जेवण गेलं नाही.
सात वर्षांची पोर माझ्यासाठी खोटं खोकली. मी तिला वाचनाची गोडी लावणार होतो. लावलं ते हे.
उद्या. काही झालं तरी उद्या.

७ जून
उद्या उद्या म्हणता आठवडा गेला. पाहुणे, लाइट, माझं पोट. कारणं लिहीत बसत नाही, माझा मलाच कंटाळा आला.

१४ जून
आज सांगितलं.
रात्रीचं जेवण चालू होतं. उद्या शाळा, म्हणून ठमीच्या नव्या दप्तराचं बोलणं चाललं होतं. मी मध्ये बोललो. म्हणालो, ती पानं ठमीने मिसळली नव्हती. मीच उलटी लावली. मला लोकांसमोर वाचता आलं नाही, म्हणून तिचं नाव घेतलं. ती आजारी असल्याचंही लायब्ररीत मीच सांगितलं.
मला वाटलं होतं, घर हादरेल. चिरंजीवांनी पाण्याचा तांब्या मागितला. ही म्हणाली, मला वाटलंच होतं, पण सुट्टी संपायची वाट बघाल असं वाटलं नव्हतं. सूनबाई मात्र घास खाली ठेवून बसल्या. माझ्याकडे बघितलं नाही. ठमीला म्हणाल्या, तू का नाही बोललीस गं? सगळी सुट्टी कोंडून घातलं मी तुला.
ठमी म्हणाली, आजोबांना सगळे हसले असते.
मग सूनबाई म्हणाल्या, उद्यापासून जा लायब्ररीत. ठमी म्हणाली, उद्यापासून शाळा आहे ना, आई.
माझ्यावर रागावले असते तर बरं झालं असतं. सूनबाईंनी नेहमीसारखी माझी गोळी पाण्याबरोबर आणून ठेवली आणि दिवा घालवून गेल्या.

२० जून
शनिवार, शाळा लवकर सुटते. सकाळी लायब्ररीत गेलो. बाईंना सगळं सांगितलं, उभ्या उभ्याच. त्यांनी ऐकून घेतलं. म्हणाल्या, मी चित्र द्यायला आले, त्या रविवारीच मला कळलं होतं, आजोबा. उन्हाळ्याची पुस्तकं खोक्यात भरून ठेवलेली. मी उंदरांचं ते मागितलं, त्यांनी खालून शोधून काढून दिलं.
घरी येऊन दोनदा वाचलं. कुठेही अडलो नाही. ठमीसमोर पहिल्यापासून शेवटपर्यंत, बोट न फिरवता, खरं खरं वाचायचं. मग ती मांडीत येऊन बसेल. मग आपण फेडलं.
ठमी आली, दप्तर टाकलं. मी पुस्तक पुढे केलं. म्हणालो, ये, आज अगदी छापलंय तसंच वाचतो.
तिने पुस्तक हातात घेतलं. लाल पट्टीवरून बोट फिरवलं, एक-दोन पानं उलटून बघितली. बरोबर लागलीत, म्हणाली. मग माझ्या मांडीवर ठेवलं, नीट, सुलट बाजूने, माझ्याकडे अक्षरं येतील असं.
म्हणाली, हे छोट्यांचं आहे, आजोबा. मी आता दुसरीत आहे. तुम्ही वाचा.
दारापर्यंत गेली आणि परत आली. म्हणाली, हळूहळू वाचलं तरी चालतं. आमच्या शाळेतल्या बाई रागवत नाहीत.